शामियान्यामागचं शूटिंग

लग्नाचं शूटिंग ठरवायला आलेली माणसं सगळं बोलणं झाल्यावर, चप्पल पायात सरकवता सरकवता सांडूला एक गोष्ट हमखास बजावायची. "भाऊ, कॅमेरा नवरदेवावर ठेवा बरं का. आमच्या साडूच्या घरी तुम्ही म्हणं आचाऱ्याचंच शूटिंग करत बसले होते."

सांडू मान डोलवायचा. तक्रार खोटी नव्हती. अक्षता पडल्या, हार घातले गेले, आहेर सुरू झाले की त्याचे पाय आपोआप मांडवाच्या मागच्या बाजूला वळायचे. तिथं परातीत कणीक मळणाऱ्या बाया असायच्या. पत्रावळ्यांच्या गठ्ठ्याला टेकून झोपी गेलेला सनईवाला असायचा. मुलीकडचा एखादा काका धोतराच्या सोग्यानं डोळे पुसून, परत हसरं तोंड करून पुढं जायला निघालेला असायचा. खांद्यावरचा तो जडशीळ कॅमेरा सांडू चालूच ठेवायचा. पुढं मिक्सिंगला बसला की हे सगळं काढून टाकावं लागायचं, कारण लोकांना फुलं उधळणाऱ्या चौकटीत नवरानवरी हवे असत अन् मागं सिनेमातलं गाणं.

सांडू कन्नड तालुक्यातला. त्याच्या आधीची भावंडं आईच्या हाती लागली नव्हती, म्हणून याला दृष्ट लागू नये असं ओबडधोबड नाव ठेवलेलं. पुढं औरंगाबादला चित्रकलेच्या कॉलेजात पोरं त्या नावाला हसली. यानं मात्र आडनाव गाळून चित्राखाली मोठ्या अक्षरात 'सांडू' एवढीच सही करायला सुरुवात केली.

चित्राचा नाद त्याला मामाकडं लागला. मामा तात्यासाहेब, लासूर स्टेशनला त्यांचा फोटो स्टुडिओ होता. बाजार समितीत माल घेऊन आलेली माणसं गाडी यायला वेळ असला की स्टुडिओत शिरायची, मामांनी भिंतीला लावलेल्या पडद्यावरच्या कारंज्यापुढं ताठ बसायची. सांडू शाळेपायी मामाकडंच राहिलेला. अंधाऱ्या खोलीत लाल दिव्याखाली, ताटातल्या पाण्यासारख्या औषधात कोरा कागद टाकला की आधी डोळे यायचे, मग नाक, मग सगळा माणूस. ते बघताना त्याला जेवणाची आठवण राहायची नाही. तात्यासाहेब फार बोलणारे नव्हते. पण एकदा एका अडत्याचा फोटो काढून झाल्यावर ते म्हणाले, "माणूस फोटोला बसला की लई वंगाळ दिसतो रे. बसायच्या आधी अन् उठल्यावर बघ त्याला. तेवढंच त्याचं खरं तोंड." बिचाऱ्या तात्यासाहेबांना जन्मभर बसलेल्या माणसांचेच फोटो काढावे लागले. उठलेली माणसं भाच्याच्या वाट्याला आली.

कॉलेज झाल्यावर सांडूनं दुकानांच्या पाट्या रंगवल्या, गणपतीचे देखावे केले, आणि व्हिडिओचं युग आल्यावर एका थकलेल्या शूटिंगवाल्याचा जुना कॅमेरा घेऊन गारखेड्यात एका खोलीत धंदा मांडला. त्याच खोलीच्या अर्ध्या भागात संसार. बायको सरूबाई फॉल-पिकोचं मशीन चालवायची. घरात टेपची भिरभिर अन् मशीनची घरघर एकाच वेळी चालायची आणि दोघांनाही दुसऱ्याचा आवाज थांबला की चुकल्याचुकल्यासारखं व्हायचं.

शहरात हिंदूंच्या लग्नांची कामं मिळायची तशी मुसलमानांच्या लग्नांचीही मिळायची. निकाह झाला, दूल्ह्याचे गळाभेटीचे फोटो झाले की बायकांच्या बाजूला पुरुषाला जायला मनाई. तिकडचं शूटिंग घरातली एखादी मुलगी करायची. मग सांडूला मोकळा वेळ. त्या वेळेत तो शामियान्याच्या मागं जायचा, आणि तिथं त्याला कमरोद्दीन भेटले.

कमरोद्दीन म्हणजे लग्नांत नान अन् खलिया हा मटणाचा रस्सा करणारे बावर्ची. रोशन गेटच्या मागं घर. उंचपुरा माणूस, पण देगेच्या भल्यामोठ्या हंड्यावर वाकून वाकून पाठीला कायमचा बाक आलेला. खांद्यावर पंचा, धुरानं सतत पाणावलेला डावा डोळा. पहिल्यांदा कॅमेरा आपल्यावर रोखलेला बघितल्यावर त्यांनी पंचा तोंडापुढं धरला.

"मेरेकू काय कू खींचता रे? दूल्हा उधर है."

"दूल्ह्याला सगळेच बघायलेत, कमरूभाई," सांडू म्हणाला. "तुमच्याकडं कुणीच बघंना."

कमरोद्दीन देगेवर वाकले. खलियाची तर्री वर आली की नाही ते बघत राहिले. मग पंचा खांद्यावर टाकून म्हणाले, "देख फिर. पर धुएं से दूर बैठ. डब्बा खराब होगा तेरा."

तिथून त्यांचं जमलं. लग्नघरात शूटिंगवाल्याला जेवायला विचारायचं बहुतेक यजमान विसरतात. कमरोद्दीन कधी विसरले नाहीत. लांबून सांडू दिसला की आधी विचारणार, "खाना खाया क्या?" आणि उत्तराची वाट न बघता ताटलीत नान ठेवणार. स्वतः मात्र शेवटचा पाहुणा उठल्याशिवाय घास घ्यायचे नाहीत. पुढची काही वर्षं सांडू हंगामात कितीतरी दुपारी त्या चुलवणांशेजारी बसला. कधी कॅमेरा चालू असायचा. कधी तो बाजूला ठेवून विझलेल्या चुलीतला कोळसा उचलायचा आणि लग्नपत्रिकेच्या मागच्या कोऱ्या बाजूवर देग, वाकलेली पाठ, पळी धरलेला हात असं काहीबाही काढत राहायचा. कमरोद्दीन चित्र बघून म्हणायचे, "मेरी पीठ इत्ती टेढी है क्या?" आणि स्वतःच हसायचे.

एका उन्हाळ्यात, लग्नसराई ऐन भरात असताना, देगा उतरवून घरी गेलेले कमरोद्दीन छातीत कळ येऊन गेले. सांडूला पत्ताच नव्हता. पुढच्या लग्नात सवयीनं तो शामियान्यामागं गेला तर देगेशी दुसराच माणूस. त्यानं सांगितलं. सांडू कॅमेरा खाली ठेवून तिथंच उकिडवा बसला. त्या दिवशी त्याला कुणी जेवायला विचारलं नाही.

शूटिंगच्या कच्च्या कॅसेटी त्या काळात कुणी ठेवत नसे. मिक्सिंग झालं की त्याच कॅसेटवर पुढचं लग्न. सांडूही तसंच करायचा. पण ज्यांत आपल्या आवडीचं काही आहे अशा कॅसेटी पुसायला त्याचा हात धजावायचा नाही. त्या तो एका पत्र्याच्या पेटीत टाकायचा. सरूबाई म्हणायची, "लोकांचे आचारी-पाणके घरात साठवून काय करणार हायेत तुम्ही?" तो पेटीचं झाकण लावून टाकायचा. पेटी भरली तेव्हा सरूबाईनंच आपल्या साड्यांची ट्रंक रिकामी करून दिली.

अशी वर्षं गेली. मधल्या काळात सांडूनं स्वतःचा असा एक माहितीपट केला. कन्नडच्या घाटात ट्रक अडकले की ड्रायव्हर लोक रस्त्याच्या कडेला दगडाची चूल मांडतात, अंघोळी उरकतात, अनोळखी माणसांची सुखदुःखं ऐकतात, आणि रस्ता मोकळा झाला की एकमेकांची नावंही न विचारता निघून जातात. त्याच्यावर तो माहितीपट होता. आधी कित्येक दिवस तो तिथं कागद-कोळसा घेऊन नुसता बसायचा. लोकांना तो ओळखीचा झाला की मग कॅमेरा काढायचा. निवेदन नाही, संगीत नाही. दूरच्या दोन गावांत तो दाखवला गेला, लोकांनी टाळ्या वाजवल्या, आणि सांडू एसटीनं घरी परत आला. तेवढ्यानं तो खूश होता.

लग्नांचा धंदा मात्र हातातून सुटत गेला. नव्या पोरांनी आकाशातून उडणारे कॅमेरे आणले. सांडू गारखेड्यातल्या मुलांच्या चित्रकलेच्या शिकवण्या घेऊ लागला.

अशाच एका रविवारी शिकवणी सुटायच्या वेळी एक तरुण मुलगी दारात उभी राहिली. अंगावर बुरखा, चेहरा उघडा, हातात रुमाल चुरगाळलेला.

"शूटिंगवाले सांडूकाका इथंच राहतात ना?"

"मीच तो. ये बाई. बस."

मुलं दप्तरं आवरून गेली. मुलगी बसली आणि मग तिनं सांगितलं. "मी अजरा. कमरोद्दीन बावर्ची माझे अब्बा."

सांडू तिच्याकडं बघतच राहिला. कमरोद्दीन गेले तेव्हा त्यांना लहान मुलगी आहे एवढंच त्याला ठाऊक होतं. आता ती उर्दू शाळेत शिकवत होती, आणि तिचा निकाह ठरला होता. ती मंगल कार्यालय बघायला गेली तेव्हा तिथला म्हातारा रखवालदार तिला म्हणाला होता की, तुझ्या अब्बाच्या शेजारी एक शूटिंगवाला बसलेला असायचा, सारखा त्यांनाच खींचायचा. तेवढ्या धाग्यावर ती विचारत विचारत गारखेड्यापर्यंत आली होती.

"घरात अब्बांचा एकच फोटो आहे, मतदानाच्या कार्डावरचा," ती म्हणाली. "त्यात ते घाबरल्यासारखे दिसतात. पण काका, फोटोचं मी सोसलं असतं. मला त्यांचा आवाज आठवत नाही. हात आठवतो, कपड्यांना येणारा वास आठवतो. मला खांद्यावर घेऊन काहीतरी बोलायचे तेही आठवतं, पण तोंड हलतं अन् आवाज येत नाही. लहान होते ना मी. निकाहच्या आधी एकदा ऐकायचा होता. असला तुमच्याकडं, तर."

आतून सरूबाईनं पाण्याचा तांब्या आणला होता. तो हातात तसाच धरून ती उंबऱ्यावर थांबली.

"शोधतो," सांडू म्हणाला. "सापडंलच असं नाय सांगत. पण शोधतो."

अजरा गेल्यावर त्यानं ट्रंक उघडली. इतक्या पावसाळ्यांची ओल कॅसेटींना भोवली होती. टेपवर पांढरी बुरशी चढली होती. काही कॅसेटींवरची चिठ्ठी झुरळांनी खाल्लेली, कुठलं लग्न कुठलं कळायला मार्ग नाही. घरातला व्हीसीआर तर कधीच मोडीत गेलेला. सांडूनं शहागंजातला एक जुना दुरुस्तीवाला गाठला. त्यानं दोन बंद यंत्रांचे भाग एकत्र करून एक चालतं यंत्र बनवून दिलं. मग नवराबायको कामाला बसले. कॅसेट खोलायची, टेप हातानं पुढं सरकवायची आणि मऊ मलमलीच्या तुकड्यावर स्पिरिट घेऊन पुसत जायची. सरूबाईचा हात हलका, म्हणून पुसायचं काम तिचं. कितीतरी कॅसेटी पुसतानाच तुटल्या. काहींत नुसता बर्फासारखा पांढरा भुरभुराट. प्रत्येक वाया गेलेल्या कॅसेटला सरूबाई हळूच "गेलं बाई" म्हणायची, घरातलं माणूस गेल्यासारखं.

आणि मग एका कॅसेटमध्ये कमरोद्दीन दिसले. धुराच्या पडद्यातून देगेवर वाकलेले. मागं वळले, पंच्यानं कपाळ पुसलं, कुणाला तरी काहीतरी बोलले. पण त्याच वेळी शामियान्याच्या पुढं बँड पेटलेला होता. क्लॅरिनेट आणि ताशा यांच्यापुढं माणसाच्या आवाजाचं काय चालणार. ओठ हलत होते आणि बँड वाजत होता.

सांडूनं अजराला निरोप धाडला. ती आईला घेऊन आली. राहतबी म्हणजे कमी बोलणारी, जपून पावलं टाकणारी बाई. सांडू त्यांना कधी भेटला नव्हता, तरी त्यानं 'भाभी' म्हटलं आणि त्यांनीही ओळख जुनी असल्यासारखा सलाम केला. टीव्हीवर कमरोद्दीन आले तेव्हा अजरा तोंडावर रुमाल धरून पुढं सरकली. राहतबी मात्र हलल्या नाहीत. एकटक बघत होत्या. मग बँडच्या कल्लोळातच त्या म्हणाल्या, "आंच कम करो, बोल रहे."

"तुम्हाला ऐकू आलं, भाभी?"

"नहीं. पर येईच बोलते थे. घर में भी. मैं चूल्हे पे बैठी की पीछे से, आंच कम करो, आंच कम करो." आणि इतका वेळ कोरडे राहिलेले त्यांचे डोळे भरून आले. "तंग आ जाती थी मैं."

चित्र मिळालं होतं, आवाज मिळाला नव्हता. सांडूनं शोध सोडला नाही. सकाळी शिकवणीच्या आधी आणि दुपारी शिकवणीनंतर तो यंत्रापुढं बसायचा. बँड दोन गाण्यांच्या मधे कधीतरी थांबतो, हे त्याला ठाऊक होतं. तेवढ्या फटीत कमरोद्दीन बोललेले असले पाहिजेत, एवढीच त्याची आशा. अखेर ती फट सापडली. ट्रंकेच्या तळाशी असलेल्या एका कॅसेटमध्ये बँड थांबला, भांड्यांचा आवाज आला, आणि कॅमेऱ्याच्या अगदी जवळून कमरोद्दीन म्हणाले, "कब से बैठेला है तू. खाना खाया क्या? आ, बैठ इधर. गरम है." मग हसले. मग बँडनं दुसरं गाणं सुरू केलं.

सांडूनं ते परत लावलं. मग सरूबाईला हाक मारली आणि तिच्यासोबत परत ऐकलं. सरूबाईनं डोळ्याला पदर लावला. सांडूच्या मनात मात्र काहीतरी खुपत होतं. आवाज बारीक वाटत होता, पोरसवदा. यंत्राची मोटर पळत होती की जुनी टेप आकसली होती, देव जाणे. त्याला आठवणारे कमरोद्दीन असे बोलत नव्हते. पण नेमके कसे बोलत होते, हेही त्याला छातीठोकपणे सांगता येईना.

राहतबी आणि अजरा आल्या. अजरानं ऐकलं आणि ती रडू लागली. राहतबींनी मात्र मान हलवली.

"ये वो नहीं है. इत्ता पतला आवाज नहीं था उनका."

"तेच आहेत, भाभी. यंत्रानं आवाज चढवलाय. मी उतरवून बघतो. तुम्ही सांगा कुठं थांबायचं."

आवाज त्यानं संगणकावर घेतलेला होता. तो किंचित संथ केला आणि लावला. राहतबींनी डोळे मिटले होते. "और," त्या म्हणाल्या. आणखी उतरवला. "और थोडा." आणखी. "नहीं, इत्ते भारी नहीं थे. ऐसे तो मेरे ससुर बोलते थे." सांडू एक पायरी मागं आला. खोलीत मशीनची घरघर नव्हती, रस्त्यावरचा आवाज खिडकी लावून बंद केलेला होता. "खाना खाया क्या," कमरोद्दीन विचारत होते, परत परत, प्रत्येक वेळी जरा वेगळे. आणि एकदा त्यांनी विचारलं तेव्हा राहतबींचा हात खुर्चीच्या दांडीवर घट्ट झाला.

"बस. येईच है."

अजरा आईच्या मांडीवर डोकं ठेवून ते पुनःपुन्हा ऐकत राहिली. सांडू आणि सरूबाई चहाचं निमित्त करून बाहेर ओट्यावर जाऊन बसले.

गोष्ट इथंच संपली असती तरी चाललं असतं. पण सांडूचा स्वभाव आड आला. त्याला या सगळ्याचा माहितीपट करायचा होता आणि माहितीपटात खोटं खपत नाही, असं त्याचं जन्मभराचं म्हणणं. त्याच टेपमध्ये बँडही वाजत होता. बँडची वाद्यं ठरलेल्या सुरातच वाजणार. त्याच्या ओळखीच्या एका क्लॅरिनेटवाल्याला त्यानं टेप ऐकवली. त्या माणसानं आपलं वाद्य फुंकून सूर जुळवला आणि सांगितलं, टेप पळते आहे हे खरं, पण थोडीच. त्या मापानं उतरवलं तर कमरोद्दीनांचा आवाज राहतबींनी ठरवलेल्या आवाजापेक्षा जरा वरचा येत होता.

सांडूचं जेवणात लक्ष लागेना. सरूबाईनं विचारलं तेव्हा त्यानं सांगितलं. "भाभींनी जो आवाज ओळखला, तो त्यांचा खरा आवाज नव्हता, सरू. आता हे त्या बाईला कोणत्या तोंडानं सांगू? अन् नाय सांगितलं तर माहितीपटात कोणता आवाज घालू?"

सरूबाई भाकरी मोडता मोडता म्हणाली, "तिनं नवऱ्याचा आवाज वळखला. क्लॅरिनेटवाल्यानं बँडचा वळखला. दोघंबी खोटं कशाला बोलतील? जाऊन सांगा तिला. दुसऱ्या कुणाकडून कळण्यापरीस तुम्हीच सांगितलेलं बरं."

सांडू रोशन गेटला गेला. राहतबींनी बसायला पाट दिला, सरबत दिलं. त्यानं अडखळत अडखळत सगळं सांगितलं आणि सुराप्रमाणे उतरवलेला तो आवाज मोबाइलवर लावला. अजरा काळजीनं आईकडं बघत होती. राहतबींनी ऐकलं, मग मोबाइल आपल्या हातात घेऊन कानाला लावून पुन्हा ऐकलं. त्यांच्या चेहऱ्यावर हळूहळू नवल उमटत गेलं.

"ये काम का आवाज है, सांडूभाई," त्या म्हणाल्या. "वहां शोर होता ना, बावर्ची को चिल्लाना पड़ता. ये मैंने कभी सुनाच नहीं. उनकी देग के पास मैं कब गई? औरतां इधर, देगां उधर." मग त्या म्हणाल्या, "और मैंने जो बोली, वो घर का है. अज्जू को सुलाते वक्त का."

"म्हणजे अम्मी," अजरा म्हणाली, "दोन्ही अब्बाच?"

"और कौन होंगे?"

आणि राहतबींनी तो कामावरचा आवाज आणखी एकदा ऐकला. नवरा जाऊन इतकी वर्षं झाल्यावर त्याच्याविषयी काहीतरी नवं कळलं, याचा त्यांना झालेला आनंद लपत नव्हता. "हंसते कितने थे वहां," त्या म्हणाल्या. "घर आते थे तो थके हुए."

सांडूनं माहितीपटाची परवानगी मागितली तेव्हा राहतबींनी एकच अट घातली. आपला चेहरा दाखवायचा नाही. सांडूला ती अडचण वाटली नाही. जिथं कॅमेऱ्यानं जायचं नाही तिथं त्यानं कोळसा वापरला. खुर्चीच्या दांडीवरचा हात, ओढणीची कड, पाठमोरी आकृती, आणि आवाज उतरत जाताना तिच्या खांद्यांत होणारे बदल. एकापुढं एक अशी कितीतरी चित्रं त्यानं काढली आणि ती एकामागोमाग कॅमेऱ्यानं टिपली. पडद्यावर ती बाई श्वास घेते आहे असं वाटायचं. जुन्या टेपवर कमरोद्दीन होते, सनईवाला होता, डोळे पुसणारा काका होता, कणीक मळणाऱ्या बाया होत्या. आवाजाचा शोध जसा घडला तसाच त्यानं ठेवला, क्लॅरिनेटवाल्यासकट. आधी कामावरचा आवाज, मग घरचा. कोणता खरा याबद्दल त्यानं अवाक्षर काढलं नाही.

तो माहितीपट त्यानं सगळ्यात आधी एका शाळेच्या सभागृहात दाखवला. बोलावणी धाडली ती बावर्च्यांना, आचाऱ्यांना, बँडवाल्यांना, मंडपवाल्यांना. लग्नसराई नव्हती म्हणून सगळे मोकळे होते आणि झाडून आले. पडद्यावर स्वतःला तरुणपणी बघून म्हातारी माणसं एकमेकांना कोपरखळ्या मारत होती. कुणी तरी अंधारातच म्हणालं, "अरे, तो आपला पुंजाराम. ताशा बघ कसा धरलाय." राहतबी मागच्या रांगेत बसल्या होत्या. कमरोद्दीनांनी "खाना खाया क्या" विचारलं तेव्हा सभागृहातल्या दोन-चार जणांच्या तोंडून सवयीनं "हौ, खाया" निघून गेलं.

तो माहितीपट पुढं बाहेरगावीही गेला. सांडूला मात्र त्यानं वेगळंच काम लावून दिलं. लोक येऊ लागले. कुणाची आई लग्नांत पंगत वाढायची, कुणाचा भाऊ घोडीचा लगाम धरायचा. त्यांची स्वतःची लग्नंही कधी टेपवर आली नव्हती, दुसऱ्यांच्या लग्नांत कुठं मागं दिसले असतील तर तेवढेच. सांडू ट्रंक उघडायचा. सापडलं तर दाखवायचा. चित्र फारच धूसर असलं तर ते थांबवून, समोर बसून, घरच्यांना विचारत विचारत कोळशानं कागदावर उतरवायचा. नाक असंच होतं का, भुवया जाड होत्या का. न सापडण्याचे प्रसंग सापडण्यापेक्षा जास्त. तेव्हा सरूबाई त्या माणसाला रिकाम्या पोटी जाऊ द्यायची नाही.

अजराच्या निकाहला सांडू-सरूबाई पाहुणे म्हणून गेले. शूटिंगला दुसरीच पोरं होती. सांडू शेवटपर्यंत पुढच्या खुर्चीवर बसला, हातात कॅमेरा नसल्यानं हातांचं काय करावं ते त्याला कळत नव्हतं.

वर्षभरानं अजरा माहेरी आली तेव्हा नवऱ्याला घेऊन भेटायला आली. सरूबाईनं पोहे केले. बोलता बोलता सांडूनं विचारलं, "ऐकतीस का गं अधूनमधून अब्बांचा आवाज?"

"आधी रोज ऐकायचे, काका. कामाला निघायच्या आधी, झोपायच्या आधी. यांनाही पाठ झाला होता." नवरा हसला. "मग एक दिवस लक्षात आलं, बरेच दिवस लावलाच नाही. तरी आठवतो आता. तोंड हलतं अन् आवाजपण येतो."

"अन् भाभी?"

"अम्मी नाही ऐकत. तिला तो कामावरचा आवाज आवडतो म्हणते, पण त्याच्यासाठी मोबाइल कशाला पाहिजे म्हणते. चुलीपाशी बसली की आता तोही आपोआप येतो म्हणे." अजरा पोह्यांची ताटली खाली ठेवत म्हणाली, "पण तुमच्यासाठी तिनं खलिया पाठवलाय. गरम आहे तोवर खाऊन घ्या म्हणाली."

सांडू डबा घेऊन आत गेला. जेवायची पितळी घासायच्या निमित्तानं तो मोरीत बराच वेळ डोळ्यांवर पाणी मारत राहिला, तेव्हा सरूबाईनं बाहेरच्यांना बोलण्यात गुंतवून ठेवलं. मग दोघांनी त्या एकाच पितळीत गरम खलिया वाढून घेतला.